जहीर रायहान

जहीर रायहान (१९ ऑगस्ट १९३५ – ३० जानेवारी १९७२ पासून बेपत्ता) हे बांगलादेशातील कादंबरीकार, चित्रपट-दिग्दर्शक व माहितीपटकार होते. १९७१ साली पाकिस्तान दुभंगून बांगलादेशाची निर्मिती होत असताना त्यांनी तयार केलेला 'स्टॉप जेनोसाइड' हा माहितीपट त्या संघर्षाचा महत्त्वाचा दृश्य दस्तऐवज मानला जातो.

प्रारंभिक जीवन

त्यांचे मूळ नाव मोहम्मद जहिरुल्लाह होते. त्यांचा जन्म तत्कालीन नोआखाली जिल्ह्यातील (आताचा फेनी जिल्हा) मजुपूर या गावी झाला. बालपण कोलकात्यात गेले. १९४७ च्या फाळणीनंतर कुटुंब पूर्व बंगालमध्ये परतले. लेखक व पत्रकार शहीदुल्ला कैसर हे त्यांचे थोरले बंधू. २१ फेब्रुवारी १९५२ रोजी ढाक्यात जमावबंदी मोडून निघालेल्या भाषा आंदोलनात सहभागी झाल्याबद्दल जहीर यांना अटक झाली. पुढे त्यांनी ढाका विद्यापीठातून बंगाली साहित्याची पदवी घेतली.

साहित्य आणि चित्रपट

'हाजार बछर धरे' (१९६४) या ग्रामजीवनावरील कादंबरीला आदमजी साहित्य पुरस्कार मिळाला. 'आरेक फाल्गुन' ही कादंबरी भाषा आंदोलनाच्या पार्श्वभूमीवर आहे. दिग्दर्शक म्हणून त्यांचा पहिला चित्रपट 'कखनो आसेनि' १९६१ मध्ये प्रदर्शित झाला. 'संगम' (१९६४) हा उर्दू चित्रपट पाकिस्तानातील पहिला पूर्ण रंगीत चित्रपट होय. 'जीबन थेके नेया' (१९७०) मध्ये किल्ल्यांचा जुडगा आपल्या हाती ठेवून साऱ्या घरावर हुकमत गाजविणाऱ्या स्त्रीच्या कथेतून लष्करी राजवटीचे रूपक त्यांनी उभे केले. पुढे बांगलादेशाचे राष्ट्रगीत ठरलेले रवींद्रनाथांचे गीत या चित्रपटात आहे.

मुक्तिसंग्राम व माहितीपट

२५ मार्च १९७१ च्या रात्री पाकिस्तानी सैन्याने ढाक्यात हत्याकांड आरंभले. त्यानंतर रायहान कोलकात्यास आले. तेथे 'जीबन थेके नेया'च्या खेळांतून मिळालेले उत्पन्न त्यांनी, स्वतः आर्थिक अडचणीत असतानाही, मुक्तिसंग्रामाच्या निधीस दिले. सुमारे २० मिनिटांच्या 'स्टॉप जेनोसाइड'मध्ये निर्वासितांचे लोंढे, छावण्या व मुक्तिवाहिनीचे प्रशिक्षण यांचे चित्रण आहे. संयुक्त राष्ट्रांच्या मानवी हक्कांच्या जाहीरनाम्यातील आश्वासने आणि प्रत्यक्षातील संहार समोरासमोर ठेवून, तसेच व्हिएतनाममधील युद्धाचा संदर्भ देऊन, त्यांनी हा प्रश्न एका देशापुरता मर्यादित ठेवला नाही. इंग्रजी निवेदन आलमगीर कबीर यांचे आहे. प्रारंभी लेनिनचे वचन असल्यामुळे व शेख मुजीबुर रहमान यांना स्थान नसल्यामुळे मुक्तिसंग्रामाच्या गोटातूनच चित्रपटावर आक्षेप घेतले गेले. 'अ स्टेट इज बॉर्न' हा माहितीपटही त्यांनी याच काळात केला.

बेपत्ता होणे

युद्धाच्या अखेरीस, १४ डिसेंबर १९७१ रोजी, शहीदुल्ला कैसर यांना पाकिस्तानी सैन्याच्या स्थानिक साथीदारांनी घरातून पळवून नेले. १६ डिसेंबरच्या शरणागतीनंतर ढाक्यास परतलेल्या रायहान यांनी बंधूंचा शोध सुरू केला. ३० जानेवारी १९७२ रोजी ते याच शोधात मीरपूर येथे गेले. ढाक्याचा हा भाग तेव्हाही पाकिस्तानसमर्थक सशस्त्र गटांच्या ताब्यात होता. तेथून ते परतले नाहीत व त्यांचा मृतदेहही सापडला नाही.

सन्मान

त्यांना एकुशे पदक (१९७७) व स्वाधीनता पुरस्कार (१९९२) मरणोत्तर प्रदान करण्यात आले.