श्रीमती फॅनी लू हेमर

अमेरिकेंतील संयुक्त संस्थानांच्या दक्षिण भागांत मिसिसिपी नांवाचें संस्थान आहे. तेथील जमीन कापसासाठीं प्रसिद्ध असून ती कसणारे बहुतेक लोक पूर्वींच्या गुलामांचे वंशज होते. १८६५ सालीं गुलामगिरी कायद्यानें नष्ट झाली खरी. तथापि जमीन, न्यायकचेरी, तुरुंग व रुग्णालय हीं गोऱ्या लोकांच्याच हातीं राहिलीं. अशा प्रांतांत ६ ऑक्टोबर १९१७ रोजीं एका कृष्णवर्णीय कुटुंबांत फॅनी लू टाउन्सेंड यांचा जन्म झाला. आईबापांच्या वीस अपत्यांपैकीं त्या सर्वांत धाकट्या.

बाप अर्धेलीनें शेत करी. बियाणें व अवजारें मालकाकडून उधार घ्यावयाचीं आणि हंगाम संपल्यावर हिशेबहि मालकानेंच मांडावयाचा, अशी ती पद्धत. त्यामुळें राबणाऱ्याच्या पदरीं कर्जाशिवाय फारसें कांहीं पडत नसे. सहाव्या वर्षींच फॅनी लू कापूस वेंचूं लागल्या. बालपणीं पोलिओ झाल्यानें त्यांचा एक पाय किंचित् लंगडा राहिला. शाळा हिवाळ्यांतील कांहीं महिनेच भरे, आणि बाराव्या वर्षाच्या सुमारास तीहि सुटली. परंतु पवित्र शास्त्राच्या अभ्यासानें त्यांचें वाचन कायम राहिलें. ह्या अक्षरज्ञानामुळेंच १९४४ सालीं त्यांस मळ्यावर हजेरी व कापसाचें वजन लिहून ठेवण्याचें काम मिळालें. मालकाचें माप खोटें असे. तो नजरेआड असतां त्या स्वतःजवळचें खरें वजन वापरून मजुरांस त्यांचा न्याय्य वांटा देत. पुढें पेरी हेमर ह्या सहकारी मजुराशीं त्यांचा विवाह झाला.

१९६१ सालीं पोटांतील गांठ काढण्यासाठीं त्या रुग्णालयांत गेल्या. तेथें डॉक्टरनें त्यांस न विचारतां त्यांचें गर्भाशयहि काढून टाकलें. आपणांस आतां कधींहि मूल होणार नाहीं, हें त्यांस डॉक्टराकडून नव्हे, तर मालकाच्या घरांतील चर्चेवरून कळलें. गरीब कृष्णवर्णीय स्त्रियांवर त्या प्रांतांत असा प्रसंग वारंवार येई. त्याविरुद्ध फिर्याद करावी तर ती ऐकणार कोण?

ऑगस्ट १९६२ मध्यें रूलव्हिल गांवच्या प्रार्थनामंदिरांत एक सभा भरली. आपल्या लोकांस मतदानाचा हक्क आहे, हें त्यांस वयाच्या चव्वेचाळिसाव्या वर्षीं तेथें प्रथमच समजलें. ३१ ऑगस्ट रोजीं त्या इतर सतरा जणांसह इंडियानोला येथें नांव नोंदविण्यास गेल्या. राज्यघटनेच्या एखाद्या कलमाचा अर्थ लिहावयास लावून कृष्णवर्णीयांस नापास करण्याची तेथील रीत होती. त्याप्रमाणें त्यांसहि परत पाठविण्यांत आलें. परततांना बसचा रंग फाजील पिवळा असल्याचें कारण काढून पोलिसांनीं दंड बसविला, आणि त्याच रात्रीं मळेवाल्यानें त्यांस घराबाहेर काढलें. तरी त्यांनीं प्रयत्न सोडला नाहीं. जानेवारी १९६३ मध्यें त्या परीक्षेंत उत्तीर्ण ठरल्या.

९ जून १९६३ रोजीं एका शिक्षणवर्गाहून परत येत असतां विनोना येथें त्यांस व त्यांच्या सोबत्यांस अटक झाली. पोलिसांनीं दोन कृष्णवर्णीय कैद्यांकडून त्यांस सोट्यानें बेदम मारविलें. मूत्रपिंडास व डोळ्यास झालेली इजा जन्मभर राहिली. त्याहि स्थितींत कोठडीतून ह्या बंदिवानांच्या भक्तिगीतांचे सूर उठत होते. पुढें त्या पोलिसांवर खटला झाला. परंतु सर्व पंच गोरे होते, आणि त्यांनीं आरोपींस निर्दोष ठरविलें.

येथें एक गोष्ट ध्यानांत घेण्याजोगी आहे. त्या संस्थानांत खटल्याचे पंच मतदारांतून घेतले जात, आणि शेरीफ नांवाचा मुख्य पोलीस अधिकारी मतांनींच निवडून येई. ज्याचें नांव यादींत नाहीं, त्यास पंच होतां येत नसे, अधिकाऱ्यास जाब विचारतां येत नसे, सार्वजनिक रुग्णालयाच्या कारभारांतहि त्याचा शब्द चालत नसे. एक दार बंद असल्यानें सारींच दारें बंद होतीं. हें ओळखूनच हेमरबाई त्या एका दारावर धडका देत राहिल्या.

२२ ऑगस्ट १९६४ रोजीं अटलांटिक सिटी येथें डेमोक्रॅटिक पक्षाच्या समितीपुढें त्यांनीं आपली हकीकत सांगितली. त्याच वेळीं राष्ट्राध्यक्ष जॉन्सन यांनीं पत्रकारांस बोलाविल्यानें दूरचित्रवाणीवरील त्यांची साक्ष मध्येंच तुटली. परंतु रात्रीं ती साऱ्या देशानें पाहिली. त्यांच्या मंडळास दोन जागा देऊं केल्या असतां, अर्ध्या न्यायावर समाधान मानण्यास त्या तयार झाल्या नाहींत. ६ ऑगस्ट १९६५ रोजीं मतदानहक्काचा कायदा झाला.

तरी रुग्णालयाचें दार सहज उघडलें नाहीं. १९६७ सालीं त्यांची एक दत्तक कन्या आजारी पडली असतां, आईच्या चळवळीचा राग धरून जवळच्या रुग्णालयानें तिला दाखल करून घेतलें नाहीं, आणि ती दगावली. हेमरबाईंनीं तिच्या मुलींस पोटाशीं धरलें. उपाशी शरीरास औषध पुरत नाहीं, हें जाणून त्यांनीं १९६९ सालीं सहकारी शेती सुरू केली. गरीब कुटुंबांस पाळण्यास डुकरीण मिळे, आणि तिच्या पिलांपैकीं कांहीं परत करावीं लागत, म्हणजे पुढच्या कुटुंबाची सोय होई.

१४ मार्च १९७७ रोजीं, वयाच्या एकोणसाठाव्या वर्षीं, कर्करोग व रक्तदाबाच्या विकारानें त्यांचा अंत झाला. तो माउंड बायू येथें, म्हणजे पूर्वींच्या गुलामांनीं १८८७ सालीं स्वतः वसविलेल्या गांवांतील रुग्णालयांत झाला. जानेवारी २०२५ मध्यें त्यांच्या राष्ट्रानें त्यांस मरणोत्तर सर्वोच्च नागरी पदक अर्पण केलें.

विद्यार्थी मित्रांनो, हेमरबाईंपाशीं धन नव्हतें, पदवी नव्हती, प्रकृतीचें बळहि नव्हतें. हिवाळ्यांतल्या त्या तुटपुंज्या शाळेंत मिळालेलें अक्षर मात्र होतें, आणि तें त्यांनीं प्रथम मजुरांचें खरें वजन लिहिण्याकडे लाविलें. तुम्हांस तर वर्षभर शाळा लाभली आहे. त्या विद्येचा उपयोग कोणासाठीं करावयाचा, हें तुम्हीं व तुमच्या पालकांनीं एकत्र बसून ठरवावें.