पडद्यावरचा जादूगार : जॉर्ज मेलिएस

पॅरिस शहरातील एका उपाहारगृहाच्या तळघरात २८ डिसेंबर १८९५ रोजी काही मंडळी जमली होती. समोरच्या पांढऱ्या पडद्यावर प्रथम रस्त्याचे एक निश्चल छायाचित्र दिसू लागले. पाहुण्यांपैकी जॉर्ज मेलिएस नावाचा जादूगार ते पाहून हिरमुसला. कारण असली चित्रे तो स्वतःच्या नाट्यगृहात कित्येक वर्षे दाखवीत आला होता. पण क्षणार्धात चित्रातला घोडा चालू लागला. त्यामागून गाड्या आल्या, माणसे आली, सारा रस्ता जिवंत झाला! ल्यूमिएर बंधूंच्या 'सिनेमाटोग्राफ' यंत्राचा पॅरिसमधील हा पहिला जाहीर खेळ. पुढे सहाच महिन्यांनी, ७ जुलै १८९६ रोजी, तो मुंबईच्या वॉटसन हॉटेलातही झाला.

खेळ संपताच मेलिएसने त्या यंत्रासाठी दहा हजार फ्रँक देऊ केले. ल्यूमिएर बंधूंच्या वडिलांनी ते विकण्यास साफ नकार दिला.

मेलिएसचा जन्म ८ डिसेंबर १८६१ रोजी पॅरिस येथेच झाला. त्याच्या वडिलांचा उंची बूट बनवण्याचा मोठा कारखाना होता. मुलाचे चित्त मात्र चित्रे काढण्यात आणि बाहुल्यांची नाटके उभारण्यात रमे. कारखान्यात त्याला काही काळ यंत्रांची देखभाल करावी लागली. ते काम त्याला रुचले नसेल. पण यंत्रांवर हात बसला तो तेथेच. १८८४ साली तो लंडनला गेला, तेव्हा तेथील जादूचे प्रयोग पाहून त्याच्या मनाने वेगळीच वाट धरली. १८८८ साली त्याने कारखान्यातला आपला वाटा भावांना विकला आणि त्या पैशातून पॅरिसमधील जादूचे प्रसिद्ध नाट्यगृह, 'रोबेर-उदँ', विकत घेतले.

असा माणूस एका नकाराने थोडाच स्वस्थ बसणार? त्याने लंडनहून चित्रे दाखवण्याचे दुसरे एक यंत्र आणले, त्याची रचना समजून घेतली आणि त्यावरून स्वतःचा कॅमेरा तयार करविला. तो चालताना भयंकर घरघरे, पण चाले!

त्या वर्षीची एक हकिकत मेलिएस पुढे सांगत असे. पॅरिसच्या एका चौकात चित्रण चालू असता कॅमेऱ्यातील फीत अडकली. ती सोडवून पुन्हा सुरू करण्यास मिनिटभर लागले. फीत पडद्यावर पाहतो तो काय, प्रवाशांनी भरलेल्या गाडीची एकाएकी शववाहिका झालेली! मधल्या मिनिटात गाडी निघून गेली होती आणि तिच्या जागी शववाहिका आली होती. या हकिकतीत जादूगाराने पदरचे थोडे मीठमसाले घातले असेलही. अमेरिकेत ही युक्ती एका चित्रपटात आधीच योजली गेली होती. परंतु तिच्यात दडलेले सामर्थ्य मेलिएसइतके कोणी ओळखले नव्हते. १८९६ सालीच त्याने खुर्चीवर बसलेली एक स्त्री पडद्यावर अदृश्य करून दाखवली.

१८९७ साली त्याने पॅरिसजवळ माँत्रई येथे चित्रणगृह बांधले. त्याच्या भिंती आणि छप्पर काचेचे होते, कारण त्या काळी चित्रणास भरपूर सूर्यप्रकाश लागे. देखावे तो करड्या रंगाच्या निरनिराळ्या छटांत रंगवी. तेव्हाच्या फितीवर तांबडा रंग काळा उमटे. लेखक, नट, चित्रकार आणि दिग्दर्शक, सर्व काही तोच! १९०० सालच्या एका चित्रपटात सात वादक एकत्र वाद्ये वाजवतात आणि ते सातही मेलिएसच आहेत. त्यासाठी काळ्या पडद्यापुढे तीच फीत मागे गुंडाळून सात वेळा वापरावी लागली. सातव्या खेपेस चूक झाली, तर आधीच्या सहा खेपांचे श्रम फुकट जात.

'चंद्रावरील प्रवास' हा त्याचा सर्वांत गाजलेला चित्रपट १९०२ सालचा. तोफेतून उडालेला गोळा चंद्राच्या डोळ्यात जाऊन रुततो, हे त्यातील दृश्य जगभर ओळखीचे झाले. त्याच्या काही प्रती स्त्रिया बारीक कुंचल्यांनी एकेक चित्र करून रंगवीत. पण अमेरिकेत एडिसनच्या कंपनीने आणि इतरांनी या चित्रपटाच्या चोरून नकला केल्या व नफा त्यांच्याच पदरी पडला. मग मेलिएसने भावाला न्यूयॉर्कला धाडले आणि एकाच वेळी दोन मूळ फिती तयार करण्यास आरंभ केला. एक पॅरिससाठी, दुसरी अमेरिकेसाठी.

पुढे मोठमोठ्या कंपन्या या धंद्यात उतरल्या आणि लोकांची आवडही पालटली. मेलिएसची चित्रे मात्र तशीच राहिली. घर आणि चित्रणगृह गहाण पडले. १९१३ नंतर त्याने एकही चित्रपट काढला नाही. पहिल्या महायुद्धात त्याच्या शेकडो फिती सैन्याने नेल्या व वितळवून त्यांपासून बुटांच्या टाचा केल्या. बूट करणाऱ्याच्या मुलावर ओढवलेला हा प्रसंग केवढा विचित्र! १९२३ साली रस्तारुंदीसाठी नाट्यगृह पाडले गेले आणि त्याच वर्षी माँत्रईची मालमत्ताही हातची गेली. फिती ठेवण्यास जागा उरली नाही. तेव्हा त्याने जवळ असलेल्या मूळ फिती स्वतःच्या हाताने जाळून टाकल्या.

१९२५ साली त्याने झान द'आल्सी या जुन्या सहकारिणीशी विवाह केला. पडद्यावर अदृश्य झालेली ती स्त्री हीच. माँपार्नास रेल्वेस्थानकात तिचे खेळण्यांचे आणि मिठाईचे लहानसे दुकान होते. तेथे हा वृद्ध जादूगार दिवसभर बसे. हिवाळ्यात गार वारा अंगाला झोंबे. खेळणी घेणाऱ्या मुलांना तो कोण हे ठाऊक नसे.

अखेर एका सिनेमा-नियतकालिकाच्या संपादकाने त्याला ओळखले. काही फिती शोधून काढण्यात आल्या आणि डिसेंबर १९२९ मध्ये पॅरिसच्या एका भव्य सभागृहात त्या समारंभपूर्वक दाखवण्यात आल्या. १९३१ साली त्याला 'लेजिओं द'ऑनर' हा सन्मान मिळाला. ते पदक लुई ल्यूमिएरच्या हस्ते देण्यात आले. पुढच्या वर्षी चित्रपटव्यावसायिकांच्या संस्थेने ओर्ली येथे त्याच्या राहण्याची सोय केली. २१ जानेवारी १९३८ रोजी त्याचे निधन झाले.

मेलिएसने काढलेल्या पाचशेहून अधिक चित्रपटांपैकी सुमारे दोनशे आज उपलब्ध आहेत. चोरीच्या भयाने अमेरिकेस धाडलेल्या दुसऱ्या फितींमुळे त्यांतले काही वाचले. 'चंद्रावरील प्रवास'ची हाताने रंगवलेली एक प्रत १९९३ साली स्पेनमधील बार्सिलोना शहरी आढळली. तिचे वेढे एकमेकांस चिकटून दगडासारखे झाले होते. तज्ज्ञांनी अनेक वर्षे खपून ते एकेक चित्र करून सोडवले आणि २०११ साली, तयार झाल्यापासून एकशे नऊ वर्षांनी, तो चित्रपट कान येथील महोत्सवात पुन्हा रंगांत दाखवण्यात आला.