श्रमिकांचे सेवक ना. म. जोशी

मुंबईत लोअर परळ भागातून ना. म. जोशी मार्ग जातो. जुनी माणसे त्याला आजही डिलाईल रोडच म्हणतात. पाटीवरचे हे नाव कोणाचे, हे मात्र नव्या पिढीला फारसे ठाऊक नसते. आपण रेल्वेवाल्यांनी तर ते जाणून घ्यायलाच हवे.

नारायण मल्हार जोशी यांचा जन्म ५ जून १८७९ रोजी कुलाबा (आताच्या रायगड) जिल्ह्यातील गोरेगाव येथे झाला. शिक्षण पुण्यात झाले. पदवी घेतल्यावर त्यांनी काही वर्षे शिक्षकाची नोकरी केली. १९०९ मध्ये ते नामदार गोखल्यांच्या भारत सेवक समाजात दाखल झाले. तेथे तुटपुंज्या वेतनावर आयुष्यभर देशकार्य करायचे, असा दंडक होता.

त्या काळी कोकणातून आणि घाटावरून हजारो माणसे पोटासाठी मुंबईच्या गिरण्यांत येत होती. चाळीतल्या एकेका खोलीत कितीतरी बिऱ्हाडे, हातात अंगठ्याशिवाय सही नाही आणि डोक्यावर सावकाराचे कर्ज. जोशींनी १९११ मध्ये या लोकांसाठी मुंबईत सोशल सर्व्हिस लीग ही संस्था काढली. लीगने गिरणगावात रात्रीच्या शाळा चालवल्या. वाचनालये उघडली, पुस्तकांच्या पेट्या भरून वस्त्यावस्त्यांत फिरवल्या. दवाखाने आणि सहकारी पतपेढ्या सुरू केल्या. परळच्या ज्या दामोदर हॉलमध्ये कामगार रंगभूमी वाढली, तो हॉलही लीगचाच.

हे काम करताना एक गोष्ट त्यांच्या ध्यानात आली. बारा तास यंत्रापुढे उभा राहिलेला माणूस रात्री शाळेत येऊन डुलक्याच घेणार. त्याला पाटी-पेन्सिल द्यायची तर आधी त्याचे कामाचे तास कमी व्हायला हवेत. दानधर्माला कायद्याची जोड हवी. पुढचे सारे आयुष्य त्यांनी याच कामाला दिले.

१९१९ मध्ये वॉशिंग्टन येथे भरलेल्या पहिल्या आंतरराष्ट्रीय कामगार परिषदेला ते हिंदी कामगारांचे प्रतिनिधी म्हणून गेले. तेथील करारात हिंदुस्थानसाठी आठवड्याला साठ तासांचे तत्त्व मान्य झाले. कारखाने आणि खाणींबरोबर रेल्वेच्या ठरावीक कामांचाही त्यात उल्लेख होता. रेल्वेसाठी तसा कायदा व्हायला १९३० उजाडले. आज आपण ज्या ड्युटी रोस्टरवर चालतो, त्याचे मूळ तेथे आहे.

१९२० मध्ये लाला लजपतराय यांच्या अध्यक्षतेखाली मुंबईत ऑल इंडिया ट्रेड युनियन काँग्रेसची स्थापना झाली, तिच्या संस्थापकांत जोशी होते. १९२१ ते १९४७ ते मध्यवर्ती कायदेमंडळात कामगारांची बाजू मांडत राहिले. संघटनांना कायद्याचे संरक्षण मिळावे असा ठराव त्यांनी १९२१ मध्ये मांडला, कायदा झाला १९२६ मध्ये. बाळंतपणाच्या रजेत स्त्री कामगारांना साहाय्य देणारे त्यांचे १९२४ चे विधेयक तर फेटाळले गेले. पण पाच वर्षांनी मुंबई प्रांताने तसा कायदा केला.

स्वभावाने ते मवाळ होते. सभा गाजवणे हा त्यांचा पिंड नव्हता. १९२९ च्या नागपूर अधिवेशनात जहाल मंडळींशी मतभेद होऊन ते सहकाऱ्यांसह बाहेर पडले. पुढे दोन्ही बाजू एकत्र आल्यावर १९४० मध्ये पुन्हा सरचिटणीसपद त्यांच्याकडेच आले. भांडण झाले तरी त्यांच्या सचोटीवर कोणी शंका घेतली नव्हती. ३० मे १९५५ रोजी ते निवर्तले.

आपणही पोटासाठी गाव सोडून आलेली माणसे आहोत. मंडळ आपण दहा दिवसांसाठी उभे करतो, पण आपल्याच शेडमध्ये आणि यार्डात ठेकेदाराकडे राबणाऱ्या मजुरांची मुले वर्षभर आपल्या डोळ्यांसमोर असतात. त्यांच्यासाठी मंडळाच्या खोलीत आठवड्यातून दोन संध्याकाळी अभ्यासवर्ग चालवता आला, तर बाप्पाच्या सेवेत त्याचीही गणना होईल. ना. म. जोशींनीही सुरुवात रात्रीच्या शाळेपासूनच केली होती.

त्यांच्या स्मृतीस विनम्र अभिवादन. गणपती बाप्पा मोरया!