कलामहर्षी बाबूराव पेंटर

चित्रपट पाहताना आपले लक्ष नटनटींच्या मुद्रांवर खिळलेले असते. त्यांच्या अंगावरील वस्त्रे कोणी बेतली, मागचा राजवाडा कोणी उभारला, हा विचार क्वचितच मनात येतो. ही सारी कामे स्वतःच्या नजरेखाली करवून घेणारा, आणि ज्या यंत्राने चित्र टिपावयाचे ते यंत्रही घडविणारा एक कलावंत आमच्या बेळगावच्या शेजारी, कोल्हापुरात होऊन गेला. त्या बाबूराव पेंटर यांचा अल्प परिचय आम्ही येथे करून देत आहो.

बाबूराव कृष्णराव मिस्त्री यांचा जन्म ३ जून १८९० रोजी कोल्हापूर येथे झाला. चित्रकला व शिल्पकला त्यांनी स्वतःच्या मेहनतीने हस्तगत केल्या. चुलतबंधू आनंदराव यांच्यासह ते नाटक मंडळ्यांचे पडदे रंगवीत. त्या पडद्यांची कीर्ती एवढी पसरली की 'पेंटर' हेच या बंधूंचे आडनाव होऊन बसले.

दादासाहेब फाळके यांचा 'राजा हरिश्चंद्र' १९१३ साली प्रदर्शित झाला आणि या दोघांना चलच्चित्राचा ध्यास लागला. परदेशी कॅमेरा विकत घेण्याइतके द्रव्य जवळ नव्हते, म्हणून तो घरीच घडवावयाचे त्यांनी ठरविले. १९१६ साली आनंदराव निवर्तले. जोडीदार गेला, तरी बाबूरावांनी हातचे काम टाकले नाही. शिष्य विष्णुपंत दामले यांच्या साह्याने १९१८ च्या सुमारास त्यांनी कॅमेरा तयार केला. गायिका तानीबाई कागलकर यांनी द्रव्यसाहाय्य केले आणि 'महाराष्ट्र फिल्म कंपनी' उभी राहिली. चित्रकार आता निर्माता व दिग्दर्शक झाला.

कंपनीचा पहिला चित्रपट 'सैरंध्री' १९२० साली पुण्यात झळकला. तो पाहून लोकमान्य टिळकांनी बाबूरावांना 'सिनेमाकेसरी' ही पदवी दिली. त्यातील कीचकवधाचे दृश्य इतके हुबेहूब वठले होते की सरकारी परिनिरीक्षकांनी ते कापावयास लावले. स्त्रीभूमिका बहुधा पुरुष करीत, अशा त्या काळात या चित्रपटात गुलाबबाई व अनसूयाबाई या स्त्रियांनी कामे केली. समाजाने त्यांना वाळीत टाकले, तेव्हा त्यांना कंपनीच्या आवारातच आश्रय घ्यावा लागला. आज आपण ज्या कलेचे कौतुक करतो तिची किंमत कोणी मोजली, हे या ठिकाणी ध्यानात येते.

चित्रीकरणापूर्वी बाबूराव प्रत्येक दृश्य, त्यातील पात्रांच्या हालचाली व वेशभूषा कागदावर रेखाटून घेत. रंगविलेल्या सपाट पडद्यांऐवजी ते खरेखुरे देखावे उभारीत. त्या काळच्या फिल्मवर तांबडा रंग काळसर उमटे, तर निळा पांढुरका दिसे. तेव्हा कोणते वस्त्र पडद्यावर कसे भासेल हे ओळखण्यास चित्रकाराचीच दृष्टी हवी होती. 'सिंहगड' (१९२३) या चित्रपटासाठी त्यांनी कृत्रिम प्रकाशाचाही उपयोग केला.

परंतु त्यांची खरी कसोटी लागली ती १९२५ साली 'सावकारी पाश' या चित्रपटाच्या वेळी. देवदेवतांचे मुकुट आणि राजांचे अंगरखे बाजूस ठेवून त्यांनी कर्जापायी जमीन गमावून शहरातील गिरणीची वाट धरणारा शेतकरी पडद्यावर आणला. ती भूमिका तरुण शांताराम यांनी केली. चमत्कारांना सरावलेल्या प्रेक्षकांनी या चित्रपटाचे फारसे स्वागत केले नाही. पोटासाठी बाबूराव पुन्हा पौराणिक कथांकडे वळले, पण ती कथा त्यांच्या मनातून गेली नाही. १९३६ साली त्यांनी तीच बोलपटाच्या रूपाने पुन्हा सादर केली.

१९२९ साली दामले, फत्तेलाल, शांताराम व धायबर हे शिष्य बाहेर पडले आणि त्यांनी 'प्रभात फिल्म कंपनी' काढली. बोलपटांचे युग आले आणि गुरूची कंपनी बंद पडली. शिष्यांची कीर्ती वाढत गेली, गुरूचे नाव मात्र मागे पडले. तथापि १९४७ साली 'लोकशाहीर राम जोशी' या चित्रपटाच्या दिग्दर्शनासाठी शांतारामांनी बाबूरावांनाच पाचारण केले. १६ जानेवारी १९५४ रोजी बाबूराव कालवश झाले.

त्यांनी धन साठविले नाही, माणसे घडविली. कुंचला, कापड की यंत्राचे चाक, कोणतेही काम त्यांनी हलके मानले नाही. विद्यार्थ्यांनी त्यांच्यापासून एवढे एक जरी उचलले, तरी आमचा हा लेखनप्रपंच सार्थकी लागेल.