मुंबईत ट्राम आली आणि चुंबकीय वेधशाळा अलिबागला गेली : नानाभॉय मूस यांची गोष्ट

शाळेत विज्ञानाच्या तासाला एक प्रयोग हमखास टाळ्या मिळवतो. तांब्याची जाड नळी उभी धरायची आणि तिच्यात वरून एक जोरदार लोहचुंबक सोडायचा. तांब्याला चुंबक चिकटत नाही, त्यामुळे तो धाडकन खाली पडेल असं सगळ्यांना वाटतं. पण तो पाण्यातून उतरल्यासारखा सावकाश खाली येतो. पडणाऱ्या चुंबकामुळे नळीतलं चुंबकीय क्षेत्र बदलतं, त्या बदलामुळे तांब्यात भोवऱ्यासारखे विद्युतप्रवाह फिरू लागतात आणि ते चुंबकाला मागे ओढतात. यांनाच एडी करंट म्हणतात. बदलतं चुंबकत्व वीज निर्माण करतं, या नियमाला म्हणतात विद्युतचुंबकीय प्रवर्तन. मायकेल फॅरडे यांनी तो 1831 मध्ये शोधला.

आता हाच प्रयोग पृथ्वीएवढा मोठा झाला तर?

तसं 1859 च्या सप्टेंबरमध्ये झालं. सूर्यावर मोठा स्फोट झाला आणि पृथ्वीचं चुंबकीय क्षेत्र हादरलं. युरोप-अमेरिकेतल्या तारायंत्राच्या लांबच लांब तारांमध्ये आपोआप प्रवाह वाहू लागले, काही ठिकाणी ठिणग्या उडाल्या. त्या वेळी मुंबईत कुलाब्याच्या वेधशाळेत माणसं डोळ्यांनी वाचून चुंबकीय क्षेत्राची नोंद करत होती. तिथला आकडा सुमारे 1600 नॅनोटेस्लाने घसरला. एरवी दिवसभरातला चढउतार असतो काही दहा नॅनोटेस्लांचा.

याच 1859 मध्ये एका पारशी कुटुंबात नानाभॉय अर्देशीर फ्रामजी मूस यांचा जन्म झाला. पुढे याच नोंदी सांभाळण्याची जबाबदारी त्यांच्यावर येणार होती.

एडिंबरा विद्यापीठातून विज्ञानाची पदवी घेऊन मूस परतले. कुलाबा वेधशाळेचे संचालक चार्ल्स चेंबर्स यांचं 1896 मध्ये निधन झालं आणि त्यांच्या जागी मूस आले. या वेधशाळेचे ते पहिले भारतीय संचालक. 1826 मध्ये सुरू झालेल्या या वेधशाळेत 1846 पासून चुंबकीय नोंदींची सलग मालिका होती. 1898 मध्ये तिथे भूकंप नोंदवणारं मिल्न यांचं यंत्रही बसलं.

आणि मग संकट आलं, तेही प्रगतीच्या रूपात. मुंबईत 1874 पासून घोड्यांच्या ट्राम होत्या, त्या जाऊन विजेच्या ट्राम येणार होत्या.

आता तुम्ही म्हणाल, ट्रामचा आणि वेधशाळेचा काय संबंध? ट्रामला वरच्या तारेतून मिळालेली वीज रुळांतून परत जाते. त्यातला काही भाग रुळ सोडून जमिनीत पसरतो. जिथे प्रवाह, तिथे चुंबकीय क्षेत्र. म्हणजे कुलाब्याच्या सुया पृथ्वीचं चुंबकत्व मोजण्याऐवजी ट्राम कधी सुटली आणि कधी थांबली तेच दाखवत बसल्या असत्या. जवळपास 60 वर्षांचं काम तिथेच संपलं असतं.

ट्राम थांबवणं शक्य नव्हतं. म्हणून मूस यांनी मुंबईपासून सुमारे 30 किलोमीटरवरचं अलिबाग निवडलं. पण तिथेही एक अडचण होती. कोकणातल्या काळ्या दगडात लोहखनिज असतं आणि ते स्वतःच थोडंफार चुंबकासारखं वागतं. त्या दगडाच्या भिंती बांधल्या असत्या तर नोंदी पहिल्या दिवसापासूनच बिघडल्या असत्या. म्हणून पोरबंदरचा चुंबकत्व नसलेला दगड निवडून आणला. जिथे एरवी लोखंड लागतं तिथे तांबं आणि पितळ वापरलं. 1904 मध्ये अलिबागची वेधशाळा सुरू झाली.

खरी हुशारी यापुढची आहे. मूस यांनी कुलाब्याचं काम लगेच बंद केलं नाही. 1904 ते 1906 अशी दोन वर्षं दोन्ही ठिकाणी एकाच वेळी नोंदी चालू ठेवल्या. घरातला वजनकाटा बदलताना जुना आणि नवा दोन्हींवर तीच वस्तू ठेवून फरक पाहावा, तसंच हे. त्यामुळे दोन जागांमधला फरक नेमका कळला आणि जुनी मालिका नव्या मालिकेला जोडता आली. त्यानंतरच कुलाब्याची चुंबकीय यंत्रं थांबली. 1907 मध्ये मुंबईत विजेची ट्राम धावली, तोवर अलिबागचं काम मार्गी लागलेलं होतं.

1910 मध्ये मूस यांनी 1846 ते 1905 पर्यंतच्या नोंदी आणि त्यांचं विश्लेषण दोन जाडजूड खंडांत छापलं. एकेक चुंबकीय वादळ सुटं न पाहता त्यांनी अनेक वादळं सुरुवातीच्या क्षणापासून एकावर एक ठेवून सरासरी काढली. त्यातून वादळाचा ठरावीक आकार दिसला : आडवं चुंबकीय क्षेत्र झपाट्याने घसरतं आणि मग हळूहळू सावरतं. पुढे सिडनी चॅपमन यांच्यासारख्या शास्त्रज्ञांनी हे काम आणखी पुढे नेलं. मूस 1919 मध्ये निवृत्त झाले आणि 1936 मध्ये त्यांचं निधन झालं.

त्यांनी मालिका तुटू दिली नाही, याचा फायदा आजही होतो. 1859 च्या वादळाची ताकद ठरवताना 2003 मध्ये शास्त्रज्ञांनी आधार घेतला तो कुलाब्याच्याच नोंदींचा. तसं वादळ आज आलं तर तारायंत्राच्या जागी वीजवाहिन्या आहेत. त्यांच्यात असेच प्रवाह निर्माण होऊन ट्रान्सफॉर्मर निकामी होऊ शकतात. 1989 मध्ये कॅनडाच्या क्वेबेक प्रांतात अशाच एका वादळाने काही तास वीज घालवली होती. धोका किती मोठा असू शकतो, हे जुन्या नोंदींवरूनच कळतं.

पनवेलजवळच्या विचुंबे गावाला लागून नवीन पनवेल आहे. तिथे भारतीय भूचुंबकत्व संस्थेचं मुख्यालय आहे. कुलाबा-अलिबागचा वारसा आज हीच संस्था चालवते आणि मूस यांच्या नावाने तरुण संशोधकांना फेलोशिपही देते. अलिबागमध्ये नोंदी आजही चालू आहेत.

त्यामुळे विचुंब्यातल्या एखाद्या मुलाने तांब्याच्या नळीत चुंबक सोडला आणि तो हळू का पडतो असं विचारलं, तर त्याला हेही जरूर सांगा : याच नियमाने पृथ्वीवर काय घडू शकतं याचा हिशोब ठेवणारी माणसं त्याच्या शेजारीच काम करतात, आणि तो हिशोब मध्येच तुटू नये म्हणून एका माणसाने शंभर वर्षांपूर्वी वेळेत पाऊल उचललं होतं.