विश्लेषण : पिस्तूल साफ करताना गोळी का सुटते? जॉन ब्राऊनिंग यांच्या कारकीर्दीत दडलेले उत्तर

मार्च १९११. अमेरिकी लष्कराच्या चाचणीत एकाच पिस्तुलातून दोन दिवसांत ६,००० गोळ्या झाडण्यात आल्या. दर १०० गोळ्यांनंतर थोडी विश्रांती, दर १,००० गोळ्यांनंतर साफसफाई आणि तेलपाणी. फारच तापले तर पिस्तूल सरळ पाण्यात बुडवायचे. कोल्ट कंपनीचे ते पिस्तूल एकदाही अडले नाही. प्रतिस्पर्धी सॅव्हेज कंपनीचे ३७ वेळा अडले. ६,००० हा आकडा शस्त्रांच्या इतिहासात अजून सांगितला जातो. दर हजार गोळ्यांनंतरच्या साफसफाईचा उल्लेख मात्र क्वचितच होतो.

त्या पिस्तुलाचे जनक जॉन मोझेस ब्राऊनिंग. आजच्या बहुतेक अर्धस्वयंचलित पिस्तुलांची रचना कुठे ना कुठे त्यांच्या कामाशी जाऊन मिळते. आणि परवानाधारकाच्या हातून शस्त्र साफ करताना गोळी सुटल्याच्या ज्या बातम्या अधूनमधून येतात, त्यांचे कारणही याच रचनेत आहे.

कोण होते ब्राऊनिंग?

अमेरिकेच्या युटा प्रांतातील ऑग्डेन गावी २३ जानेवारी १८५५ रोजी त्यांचा जन्म झाला. वडील जोनाथन बंदुका बनवणारे आणि दुरुस्त करणारे कारागीर, मॉर्मन पंथाचे. तीन बायका आणि २२ मुले असा त्यांचा प्रपंच. जॉन यांचे शिक्षण म्हणाल तर ते वडिलांच्या कारखान्यातच झाले. तिथेच त्यांनी तेराव्या वर्षी भंगारातील भाग जुळवून पहिली बंदूक तयार केली, असे सांगितले जाते.

मोडलेली शस्त्रे दुरुस्त करत मोठा झालेला माणूस शस्त्राकडे वेगळ्या नजरेने पाहतो. कोणता भाग आधी झिजतो, कुठे काजळी धरते, गिऱ्हाईक काय चुकीचे उघडून ठेवते, हे त्याला ठाऊक असते. ब्राऊनिंग यांच्या रचनांमध्ये ही दुरुस्तीवाल्याची नजर शेवटपर्यंत दिसते.

१८७९ हे वर्ष त्यांच्यासाठी निर्णायक ठरले. त्याच वर्षी लग्न झाले, वडील गेले आणि ऑक्टोबरमध्ये एकबारी रायफलीचे पहिले पेटंट मिळाले. १८८३ मध्ये विंचेस्टर कंपनीने तिचे हक्क ८,००० डॉलरना विकत घेतले. पुढची सुमारे वीस वर्षे ब्राऊनिंग रचना करत आणि विंचेस्टर त्या विकत घेई. यातील अनेक रचना बाजारात आल्याच नाहीत. त्या दुसऱ्या कंपनीच्या हाती पडू नयेत म्हणून घेतल्या आणि कपाटात ठेवल्या. १९०२ च्या सुमारास स्वयंचलित शॉटगनच्या मोबदल्यावरून हे संबंध तुटले. ब्राऊनिंग यांना एकरकमी पैसे नको होते, विक्रीतील वाटा हवा होता. बेल्जियममधील लिएजजवळच्या एफएन कंपनीने ती बंदूक घेतली.

एकूण १२८ पेटंट त्यांच्या नावावर आहेत. पहिल्या महायुद्धात अमेरिकी सरकारने त्यांच्या मशीनगन आणि स्वयंचलित रायफलीचे हक्क ७,५०,००० डॉलरना घेतले. नेहमीच्या दराने वाटा मागितला असता तर रक्कम कितीतरी मोठी झाली असती, पण त्यांनी तो मागितला नाही.

अर्धस्वयंचलित पिस्तूल वेगळे कशामुळे?

रिव्हॉल्वरमध्ये काडतुसे फिरत्या दट्ट्यात असतात. दट्टा बाजूला काढला की भरलेली आणि रिकामी घरे एका नजरेत दिसतात. ब्राऊनिंग यांनी १८९० च्या दशकात जी पिस्तुले तयार केली त्यात काडतुसे मुठीतल्या मॅगझिनमध्ये गेली. नळीवर सरकणारे पोलादी आवरण, म्हणजे स्लाइड, हा त्यांचाच शोध. गोळी सुटली की धक्क्याने स्लाइड मागे जाते, रिकामे टरफल बाहेर फेकते आणि परत येताना मॅगझिनमधले पुढचे काडतूस नळीच्या मागच्या टोकाला, चेंबरमध्ये ढकलते. पुढची गोळी तयार. एफएनचे १९०० सालचे पिस्तूल याच तत्त्वावर चाले आणि इतके खपले की फ्रेंच भाषेत कोणत्याही पिस्तुलाला ब्राऊनिंग म्हणू लागले. त्याच्यासाठी केलेले ७.६५ मिलिमीटरचे काडतूस भारतात .३२ बोअर म्हणून आजही नागरी परवान्यावर मिळते.

या सोयीची किंमत अशी, की मॅगझिन काढले तरी चेंबरमधले काडतूस जागेवरच राहते. बाहेरून ते दिसत नाही. हातात रिकामे मॅगझिन असते, म्हणून पिस्तूलही रिकामे वाटते. साफ करताना सुटणारी गोळी बहुधा हीच असते.

दुसरी किंमत काजळीची. स्वतःच्याच धक्क्यावर चालणारे यंत्र घाण झाले की अडते. त्या काळच्या काडतुसांच्या टोपीत पोटॅशियम क्लोरेट असे. ते जळून उरणारा क्षार हवेतील ओल शोषून घेई आणि नळीला गंज चढे. तेलात क्षार विरघळत नाही. म्हणून सैनिकांना नळी आधी गरम पाण्याने, मग कोरड्या फडक्याने आणि शेवटी तेलाने पुसावी लागे. आजच्या काडतुसांत बहुतेक ठिकाणी हा क्षार नाही. कोकणातला पावसाळा मात्र आहे, आणि चामड्याच्या म्यानात महिनोन्महिने ठेवलेले पिस्तूल त्या ओलीत हमखास गंजते.

उघडण्याची दिशा का बदलली?

कोल्टसाठी ब्राऊनिंग यांनी केलेल्या सुरुवातीच्या पिस्तुलांत, म्हणजे १९०० पासून १९०५ पर्यंतच्या नमुन्यांत, स्लाइड मागच्या बाजूने निघे. तिला पुढे एक आडवी पाचर धरून ठेवी. साफसफाईनंतर ही पाचर बसवायची राहिली किंवा सैल राहिली, तर गोळी झाडताच स्लाइड उडून थेट नेमबाजाच्या तोंडावर येण्याचा धोका होता. म्हणजे देखभालीतली एक चूक, आणि शिक्षा तोंडावर.

१९११ च्या नमुन्यापर्यंत ही रचना पालटली. स्लाइड आता पुढच्या बाजूने निघते. मागे ती सांगाड्यालाच अडते. जोडताना काही चुकलेच तर पिस्तूल चालणार नाही, पण स्लाइड डोळ्यावर येणार नाही. स्लाइड रोखणारी खीळ काढायची तर स्लाइड ठरावीक खाचेपर्यंत मागे ओढावीच लागते. बाहेरचे हत्यार जवळपास लागत नाही, कारण पिस्तुलाचेच सुटे झालेले भाग पुढचे भाग काढायला वापरता येतात. खंदकात बसलेल्या सैनिकाजवळ पेटी नसते, हे लक्षात घेऊनच हे झाले. घोडदळाच्या आग्रहावरून अंगठ्याने लावायचा खटकाही आला. मुठीतला खटका आधीच होता. २९ मार्च १९११ रोजी हे पिस्तूल अमेरिकी सैन्याने स्वीकारले आणि १९८५ पर्यंत ते तिथले अधिकृत पिस्तूल राहिले.

इतके खटके असूनही चेंबरमधल्या काडतुसाचा प्रश्न उरतोच. तो कोणत्याही खटक्याने सुटत नाही, क्रमाने सुटतो.

मग साफ करायचे कसे?

आधी पिस्तुलाचे तोंड अशा दिशेला, जिथे गोळी सुटली तरी माणूस नाही आणि भिंतीपलीकडेही कोणी नाही. बोट चापाबाहेर. मग मॅगझिन काढायचे. त्यानंतरच स्लाइड पूर्ण मागे ओढून तिथेच अडकवायची. हा क्रम उलटला, म्हणजे मॅगझिन आत असतानाच स्लाइड ओढली, तर एक काडतूस बाहेर पडते आणि स्लाइड परत येताना दुसरे आत जाते. बाहेर पडलेले काडतूस डोळ्यांनी पाहिलेले असते, त्यामुळे खात्री पक्की होते, आणि नेमकी तीच खात्री घात करते.

स्लाइड मागे अडकवल्यावर चेंबरमध्ये उजेडात पाहायचे आणि करंगळीने चाचपायचे. टरफल ओढणारा आकडा झिजला किंवा तुटला असेल तर स्लाइड कितीही वेळा ओढली तरी काडतूस निघत नाही. निघालेली सगळी काडतुसे त्या खोलीतच ठेवू नयेत, दुसऱ्या खोलीत बंद करावीत. चहाचा कप, मोबाइल, गप्पा मारणारा मित्र हेही टेबलापासून लांब बरे. फोन वाजतो, काम अर्धवट राहते, परत येऊन माणूस कुठून सुरू करतो ते त्याचे त्यालाच कळत नाही. अशा वेळी पहिल्या पायरीपासूनच सुरुवात करायची.

सुटे करताना त्या पिस्तुलाच्या पुस्तिकेपलीकडे जाऊ नये. १९११ च्या जातीत नळीखालची स्प्रिंग दाबून धरलेली असते. तिचे टोपण सुटले तर डोळ्याकडे उडू शकते, म्हणून चष्मा हवा. नळीत ब्रश शक्य तिथे चेंबरच्या बाजूने घालावा, ब्रश पितळी किंवा ब्राँझचा असावा, आणि फडके स्वच्छ निघेपर्यंत ओढत राहावे. काडतूस जिथून नळीत चढते तो उतार, स्लाइडचा आतला चेहरा आणि आकड्याखालची बोळ इथे काजळी सर्वाधिक साचते. तेल पातळ आणि थोडे, सरकपट्ट्यांवर. चेंबरमध्ये किंवा टाचणीच्या भोकात तेल राहिले तर ते काडतुसाच्या टोपीत शिरून तिला निकामी करू शकते. धूळ धरते ते वेगळेच.

काजळीत शिशाचा अंश असतो. खिडक्या उघड्या ठेवाव्यात, हातमोजे घालावेत, जेवणाच्या टेबलावर हे काम करू नये आणि नंतर हात साबणाने धुवावेत. चाप हलका करायला कानस लावणे, खटक्याचे भाग बदलणे हे घरचे काम नव्हे. ते परवानाधारक कारागिराकडेच.

शेवटचे पिस्तूल कोणते?

फ्रेंच सैन्याला जास्त काडतुसे मावणारे पिस्तूल हवे होते. एफएनसाठी ब्राऊनिंग त्यावर काम करत होते. २६ नोव्हेंबर १९२६ रोजी लिएजच्या कारखान्यात, मुलगा व्हॅल याच्या विभागात कामावर असतानाच हृदयविकाराने त्यांचे निधन झाले. पेटंट मंजूर झाले ते १९२७ मध्ये. एफएनचे डियुडोने सेव्ह यांनी ती रचना पुढे नेली आणि १९३५ मध्ये हाय-पॉवर पिस्तूल बाजारात आले. नळीच्या तोंडाशी असलेला सुटा भाग यात स्लाइडमध्येच सामावला, त्यामुळे साफ करताना हरवणारा एक तुकडा कमी झाला. भारतात पश्चिम बंगालमधील ईशापूर रायफल कारखान्यात तयार होणारे ९ एमएम पिस्तूल हे त्याचेच रूप. सैन्यदले आणि पोलीस ते वर्षानुवर्षे वापरत आले आहेत.

हाय-पॉवरमध्ये फ्रेंचांच्या मागणीवरून आणखी एक खटका बसवला गेला. मॅगझिन काढलेले असेल तर चाप ओढूनही गोळी सुटत नाही. चेंबरमधल्या विसरलेल्या काडतुसावर हाच उतारा, असे वाटावे. पण साफसफाई करून पिस्तूल जोडले की उभा राहिलेला घोडा खाली आणायला चाप ओढावा लागतो, आणि मॅगझिन घातल्याशिवाय चाप काम करत नाही. म्हणून माणूस मॅगझिन घालतो, आणि स्लाइड एकदा ओढून सोडायची सवय हातात असतेच. मॅगझिन भरलेले निघाले, तर काडतूस आत आणि बोट चापावर. म्हणून या पिस्तुलासाठी एक रिकामे मॅगझिन वेगळे काढून त्यावर रंगाची खूण करून ठेवावी, आणि भरलेली मॅगझिन्स काडतुसांसोबत दुसऱ्या खोलीतच राहावीत.