बाल्झाकची रात्रपाळी

आनरे द बाल्झाक हा फ्रेंच कादंबरीकार १७९९ मध्ये तूर शहरात जन्मला. तरुणपणी काढलेला छापखान्याचा धंदा १८२८ मध्ये बुडाला आणि डोक्यावर कर्जाचा डोंगर ठेवून गेला. ते फेडण्यासाठी तो लेखनाकडे परतला. पुढे लेखनच त्याला सोडेना.

अख्खा फ्रेंच समाज कागदावर उतरवायचा, या ध्यासातून त्याची 'ला कोमेदी ह्युमेन' ही माला उभी राहिली. नव्वदीच्या आसपास कथा-कादंबऱ्या, दोन हजारांहून अधिक पात्रे. तीच माणसे एका कादंबरीतून दुसरीत ये-जा करत.

बाल्झाक संध्याकाळी झोपे, मध्यरात्री उठे आणि साधूसारखा पांढरा झगा घालून मेणबत्तीच्या उजेडात तासन् तास लिही. मुद्रिते आली की त्यांवर पुन्हा नव्याने लिहायला बसे. त्या वाढीव खर्चापायी मानधन कापले जाई. जागण्यासाठी कॉफी होतीच. रिकाम्या पोटी, अगदी कमी पाण्यातली दाट कॉफी घेण्याचा प्रकार त्याने १८३९च्या एका निबंधात वर्णिला आहे.

जागेपणी आपल्या मेंदूत अ‍ॅडेनोसिन साचत जाते, म्हणून झोप येते. कॅफीन त्याची जागा अडवून बसते. त्याने थकवा जात नाही, फक्त कळेनासा होतो. शिवाय पोटात गेलेल्यापैकी निम्मे कॅफीन साधारण पाच तासांनंतरही शरीरात असते.

डॉ. नाकार हे त्याचे जुने डॉक्टर विश्रांती घ्यायला सांगत. बाल्झाक थोडे थांबे, पुन्हा सुरू करी. शेवटी हृदय थकले. धाप, अंगावर सूज, पायाला गँगरीन. अनेक वर्षांची मैत्रीण एवेलिना हान्स्का हिच्याशी मार्च १८५० मध्ये लग्न झाले आणि १८ ऑगस्टला, ५१व्या वर्षी, तो गेला. मरताना त्याने स्वतःच्याच कादंबऱ्यांतल्या डॉ. बियांशों या पात्राला बोलावण्याचा आग्रह धरला, अशी आख्यायिका आहे. खरी असो वा नसो, ती त्याच्या ध्यासाबद्दल बरेच सांगते.

एकट्या कॉफीने त्याचा जीव घेतला, असे म्हणता येणार नाही. पण वर्षानुवर्षांचे जागरण आणि बैठे काम हृदयाला मानवत नाही. त्या काळी रक्तदाब मोजायची सोय नव्हती. आज ती जवळच्या सरकारी दवाखान्यातही आहे. काम कितीही आवडीचे असो, चाळिशीनंतर वर्षातून एकदा तरी रक्तदाब मोजून घ्या. पायावर सूज किंवा जिना चढताना धाप लागत असेल, तर हातातले काम संपण्याची वाट पाहू नका.